पुन्हा पाहिल्यास ओळखेन

एका वाचक भगिनीचं पत्र आलं आहे. त्यांची ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलून ते थोडक्यात देते.

‘मी ४१ वर्षांची, भांडुपला राहते. चार वर्षांपूर्वी जुलैत रात्री साडेनऊच्या सुमारास आई आणि मी मावशीकडून परतत होतो. पाऊस होता. मोटारसायकलवरून दोघे आले. मागचा उतरला, चाकू दाखवून त्याने आईचं मंगळसूत्र ओढलं. तिने त्याचा हात धरला तर तिला ढकलून दिलं. आईचं खुब्याचं हाड मोडलं. त्यानंतर ती आधाराशिवाय कधी चालली नाही, दीड वर्षाने गेली. फिर्याद मीच दिली होती. दोन महिन्यांनी पोलिसांनी एक मुलगा पकडला. ओळख परेडच्या चार दिवस आधी एका हवालदारांनी मोबाइलवर त्याचा फोटो दाखवून “हाच ना?” विचारलं. मी म्हटलं, “वाटतोय.” परेडला तुरुंगात सात जण उभे होते, त्यातून मी त्याला लगेच ओळखलं. बाहेर आल्यावर साहेब म्हणाले, “बरोबर ओळखलंत ताई.” तेव्हापासून मला कधीच शंका आली नाही. गेल्या महिन्यात साक्षीला गेले, पण पुढची तारीख पडली. कोर्टाच्या व्हरांड्यात पोलिसांबरोबर तीन मुलं बाकावर बसली होती. मी त्यांच्यासमोरून दोनदा गेले. हवालदार म्हणाले, “मधला तोच. ओळखलं नाहीत का?” मी ओळखलं नव्हतं. दादा म्हणतो, आता कच खाल्लीस तर आईला काय तोंड दाखवशील? वर जबाब फिरवलास तर तुझ्यावरच केस होईल. नवरा म्हणतो, जाऊच नकोस. मंगळसूत्र मिळालं नाही, सोन्याची लगड जप्त झाली आहे म्हणतात. तारीख तीन आठवड्यांवर आली. मी काय सांगू?’

ताई,

आधी एक सांगते. व्हरांड्यात तुम्ही त्या मुलाला ओळखलं नाहीत, एवढ्यावरून तो निर्दोष ठरत नाही. चार वर्षांत पंचविशीतला मुलगा बदलतो. तुरुंगात अंग उतरतं किंवा सुटतं, केस विरळ होतात, दाढी वाढते. शिवाय त्या दिवशी तुम्ही त्याला शोधत नव्हता, तुम्ही कोर्टरूमचा नंबर शोधत होता. पण हाच न्याय उलटही लावावा लागेल. परेडमध्ये ‘लगेच’ ओळखलंत, एवढ्यावरून तो गुन्हेगारही ठरत नाही. इतकी वर्षं तुम्ही त्या दिवसाच्या खात्रीवर विसंबून होता, आता व्हरांड्यातल्या गोंधळावर विसंबायला लागलात. दोन्हीकडे तुम्ही मनाला काय वाटलं ते पाहताय. डोळ्यांनी त्या रात्री नेमकं काय पाहिलं, हा प्रश्न बाजूलाच राहिला आहे.

मी २६ वर्षं फौजदारी खटले लढवते आहे, बहुतेकदा आरोपीच्या बाजूने, काही वेळा फिर्यादीच्या. पैसे घेऊन खोटं बोलणारे साक्षीदार पाहिले आहेत, पण ते उलटतपासणीत बहुधा उघडे पडतात. मला भीती वाटते ती प्रामाणिक माणसाच्या चुकीची. त्याला कोणी हलवू शकत नाही, कारण तो खोटं बोलतच नसतो.

तुमच्याकडे फिर्यादीची प्रत असेल, फिर्यादीला ती विनामूल्य मिळते. कपाटातून काढा आणि वर्णनाचा भाग वाचा. बहुधा असं काहीसं असेल: ‘वय अंदाजे २० ते २५, मध्यम बांधा, रंग सावळा, उंची साडेपाच फूट.’ आणि शेवटी एक वाक्य: ‘सदर इसमांना पुन्हा पाहिल्यास मी ओळखेन.’ हे वाक्य मी शेकडो जबाबांत वाचलं आहे. अंधारात पाठमोरा चोर पाहिलेल्याच्या जबाबातही ते असतं आणि भरदिवसा समोरासमोर पाहिलेल्याच्याही. ते बहुतेक वेळा लिहून घेणाऱ्याच्या लेखणीतून येतं. तुम्ही ते त्या रात्री म्हणाला होता का, आठवून पाहा. आई हॉस्पिटलात, तुमचे कपडे चिखलाने भरलेले, रात्रीचा एक वाजलेला, आणि कोणीतरी विचारतंय, ‘पुन्हा दिसला तर ओळखाल ना?’ अशा वेळी कोण नाही म्हणेल?

आता एक काम करा. घड्याळ समोर ठेवा आणि डोळे मिटून तो प्रसंग जसा घडला तसा मनात चालवा. मोटारसायकल थांबली, तो उतरला, चाकू काढला, हात गळ्याकडे गेला, आईने मनगट धरलं, ढकललं, पळाला. किती सेकंद झाले? मी हे अनेक साक्षीदारांकडून करून घेतलं आहे. ‘चार-पाच मिनिटं चाललं होतं’ म्हणणारी माणसं २० सेकंदांत डोळे उघडतात. भीतीत वेळ ताणली जाते. त्या २० सेकंदांपैकी चेहऱ्याकडे किती आणि चाकूकडे किती? हत्यार समोर आलं की नजर हत्याराला चिकटते, हे मानसशास्त्राच्या प्रयोगांत पुन्हा पुन्हा दिसलं आहे. चाकूची मूठ कशी होती हे तुम्हाला चेहऱ्यापेक्षा स्पष्ट आठवत असेल तर नवल वाटून घेऊ नका. त्यात पाऊस, रात्र, आणि उजेड कुठून येत होता? रस्त्यावरच्या दिव्याचा की मागून आलेल्या रिक्षाच्या हेडलाइटचा? दिवा त्याच्या पाठीमागे असेल तर चेहरा सावलीत होता.

मी हे तुमच्यावर अविश्वास दाखवायला विचारत नाही. माझ्यावर हे गुजरलं आहे. काही वर्षांपूर्वी पहाटे दादरच्या फुलबाजारात गर्दीत मला धक्का बसला, मी पडले, पर्स गेली. चोराचा चेहरा माझ्या डोळ्यांसमोर लख्ख होता: रुंद कपाळ, बारीक मिशी, गळ्यात लाल गमछा. वकील असून मी छातीठोकपणे तसंच सांगितलं. आठवड्याने समोरच्या दुकानाच्या कॅमेऱ्याचं चित्रण मिळालं. पर्स ओढणाऱ्याला मिशी नव्हती आणि गमछाही नव्हता. लाल गमछावाला माणूस नंतर फ्रेममध्ये येतो, मला दंडाला धरून उठवतो, एका टोपलीवर बसवतो आणि कुणाच्या तरी हातातली पाण्याची बाटली माझ्या तोंडाला लावतो. ज्याने मला पाणी पाजलं, त्याला माझ्या डोक्याने चोर करून टाकलं होतं. चित्रण नसतं आणि तो गमछावाला दुसऱ्या दिवशी माझ्यासमोर उभा केला असता, तर मी शपथेवर सांगितलं असतं, हाच तो. आजही त्या बाजारातून जाताना मी त्याला शोधते. दिसलेला नाही.

आठवण ही अशी असते. ती पेटीत ठेवलेल्या साडीसारखी जशीच्या तशी राहत नाही. दर वेळी बाहेर काढली की तिच्यावर नवं काहीतरी चढतं.

म्हणूनच तुमच्या पत्रातला सगळ्यात महत्त्वाचा मुद्दा मला व्हरांड्यातला वाटत नाही. तो परेडच्या चार दिवस आधीच्या मोबाइलमधला आहे. तो फोटो पाहिला त्या क्षणी त्या रात्रीच्या अर्धवट चेहऱ्यावर फोटोतला पूर्ण, उजेडातला, स्थिर चेहरा जाऊन बसला. ‘वाटतोय’ म्हणालात, म्हणजे तेव्हा खात्री नव्हती. चार दिवसांनी ‘लगेच’ ओळखलंत. मधल्या चार दिवसांत त्या रात्रीबद्दल नवं काही कळलं नव्हतं. नवा होता तो फक्त फोटो. मग परेडमध्ये तुम्ही कोणाला ओळखलंत, रस्त्यावरच्या माणसाला की मोबाइलमधल्या? हे तुम्हाला आज सांगता येणार नाही, आणि कोणालाच आलं नसतं.

ओळख परेड नेमकी हेच टाळण्यासाठी असते. मुंबई उच्च न्यायालयाच्या मार्गदर्शक सूचनांनुसार एका संशयितामागे निदान सहा डमी, म्हणजे गुन्ह्याशी संबंध नसलेली माणसं, उभे करायचे, तेही वयाने, अंगाने, दिसण्याने जवळपास सारखे. परेड पोलिसांनी घ्यायची नाही, ती दंडाधिकारी किंवा तसा अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याने पंचांसमक्ष घ्यायची, आणि पोलिसांनी तिथे थांबायचं नाही. संशयिताला हवी ती जागा निवडता येते, कपडे बदलता येतात. सगळा खटाटोप एवढ्यासाठीच की साक्षीदाराने फक्त स्वतःच्या आठवणीवरून ओळखावं. आधी फोटो दाखवला की त्या रांगेला अर्थ उरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे अनेक निकालांत सांगितलं आहे, २०२२ मध्ये केरळच्या एका खटल्यातही. आणि परेड नियमाप्रमाणे झाली तरी कायद्याच्या दृष्टीने ती टेकू असते. मूळ पुरावा म्हणजे साक्षीदाराने न्यायालयात शपथेवर केलेली ओळख. ओळखीबद्दलचं जुन्या पुरावा कायद्याचं कलम ९ आता भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम ७ झालं, तत्त्व तेच राहिलं.

साहेबांचं ‘बरोबर ओळखलंत ताई’ हे वाक्यही मला फार खटकतं. ते वाईट हेतूने म्हणाले नसतील. बाईला धीर द्यावा असंच वाटलं असेल. पण ‘तुम्ही बरोबर निवडलंत’ असं सांगितलं की साक्षीदाराची खात्री वाढते, आणि गंमत म्हणजे मूळ प्रसंगात आपल्याला चेहरा किती स्पष्ट दिसला होता याची आठवणही सुधारते. अमेरिकेत १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत हे दिसलं, आणि त्यातल्या साक्षीदारांनी तर मुळात चुकीचाच माणूस निवडला होता. तुमची चार वर्षांची खात्री किती तुमची आणि किती त्या वाक्याची, हा प्रश्न स्वतःला विचारा.

नॉर्थ कॅरोलिना राज्यात १९८४ मध्ये २२ वर्षांच्या एका विद्यार्थिनीवर तिच्या घरात घुसून बलात्कार झाला. तिने त्या अवस्थेतही मनाशी ठरवलं की याचा चेहरा पाठ करायचा, हा सुटता कामा नये. आधी फोटोंमधून आणि नंतर रांगेतून तिने एकाच माणसाला निवडलं. दोन्ही वेळा तोच, हे तिला सांगण्यात आलं. न्यायालयात ती ठाम होती आणि त्याला जन्मठेप झाली. पुढे फेरखटल्यात दुसऱ्या एका कैद्याला, म्हणजे खऱ्या गुन्हेगाराला, तिच्यासमोर आणलं गेलं. ती म्हणाली, याला मी आयुष्यात पाहिलेलं नाही. १९९५ मध्ये डीएनए तपासणी झाली आणि दहा वर्षांहून अधिक काळ आत काढलेला माणूस निर्दोष सुटला. तिने कोणालाही अडकवलं नव्हतं. आपल्यावर अत्याचार करणाऱ्याचा चेहरा तिने निरखून, जीव मुठीत धरून पाहिला होता, आणि तरीही तिच्या मनात त्या चेहऱ्याच्या जागी दुसराच बसला. अमेरिकेत डीएनएमुळे निर्दोष ठरलेल्या पावणेचारशेच्या आसपास लोकांपैकी दोनतृतीयांशाहून अधिक प्रकरणांत साक्षीदाराने चुकीची ओळख केलेली होती.

आता तुमच्या दादांबद्दल. आई दीड वर्ष ज्या वेदनेत होती ती त्यांनीही पाहिली आहे, कोणीतरी याचा जाब द्यावा असं त्यांना वाटतं, आणि त्यात काही चूक नाही. पण ‘आईला काय तोंड दाखवशील’ या वाक्यात एक गोष्ट गृहीत धरली आहे. ती म्हणजे हा तोच मुलगा आहे. तेच तर ठरायचं आहे. तो नसेल, तर आईला ढकलणारा चार वर्षं मोकळा फिरतो आहे, आणि या मुलाला शिक्षा झाली की त्याला कोणी शोधणारही नाही. आईच्या बाजूने उभं राहायचं म्हणजे कोणीतरी एक आत गेला पाहिजे असा हट्ट धरायचा का, हे दादांशी एकदा शांतपणे बोला. भांडू नका. त्यांना व्हरांड्यातला प्रसंग सांगा, तुम्ही दोनदा त्याच्यासमोरून गेलात तो. त्यांनी तो नीट ऐकलाय असं पत्रावरून वाटत नाही.

केस होईल ही भीती मात्र पार उलटी आहे. खोटी साक्ष कायद्याने कशाला म्हणतात? जे खोटं आहे हे माहीत आहे, किंवा जे खरं आहे असा आपला विश्वास नाही, ते शपथेवर सांगणं. म्हणजे ‘मला आज खात्री देता येत नाही’ हे प्रामाणिकपणे सांगण्यात गुन्हा नाही. मनात खात्री नसताना ‘हाच, शंभर टक्के’ म्हणणं, धोका आहे तो त्यात.

दादांच्या मनात आणखी एक शब्द असणार, जो त्यांनी तुमच्यापाशी उच्चारला नसेल: फितूर. जबाबापासून मागे आलेल्या साक्षीदाराला आपल्याकडे फितूर म्हणतात आणि हा शब्द माझ्या डोक्यात वर्षानुवर्षं सलतो. फितूर म्हटलं की मराठी माणसाला किल्ल्याचा दरवाजा आतून उघडणारा आठवतो. पैसे घेऊन किंवा धमकीला घाबरून उलटलेल्याला म्हणा खुशाल. पण ‘मला आता नक्की सांगता येत नाही’ म्हणणाऱ्या बाईलाही वर्तमानपत्र तोच शब्द चिकटवतं. कायद्यात एवढंच आहे की साक्षीदार आपल्या पक्षाला अनुकूल बोलत नसेल तर सरकारी वकील न्यायालयाच्या परवानगीने त्याला उलटतपासणीसारखे प्रश्न विचारू शकतात. तसं झालं तरी तुमची सगळी साक्ष पुसली जात नाही, तिच्यातला विश्वासार्ह भाग न्यायालय विचारात घेऊ शकतं. चाकू होता, आई पडली, मंगळसूत्र गेलं, किती वाजले होते, हे सगळं तुमच्या तोंडूनच सिद्ध व्हायचं आहे आणि त्यात तुम्हाला काडीचाही संशय नाही.

तुमच्या यजमानांचा सल्ला प्रेमापोटी असेल, पण तो मानू नका. समन्स असताना गेला नाहीत तर आधी जामीनपात्र वॉरंट निघेल आणि पोलिस दारात येतील. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे तुम्ही गेला नाहीत तर मोबाइलवरच्या फोटोची गोष्ट न्यायालयाला सांगणारं कोणी उरत नाही. हवालदार स्वतःहून सांगणार नाहीत. कागदावर फक्त ‘साक्षीदाराने आरोपीस ओळखले’ एवढंच राहील.

‘मग गुन्हेगार सुटायचे का?’ हा प्रश्न मला प्रत्येक समारंभात कोणीतरी विचारतं. शंभर सुटले तरी चालतील पण एका निरपराध्याला शिक्षा नको, हे आपण शाळेत घोकलेलं असतं, पण घरात चोरी झाली की ते पटत नाही. मी असं सांगते. गुन्हा सिद्ध करण्याचं ओझं साक्षीदाराच्या डोक्यावर नसतंच, ते सरकार पक्षावर असतं. मोटारसायकलचा नंबर, रस्त्यावरचे कॅमेरे, मोबाइल टॉवरचं ठिकाण, जप्त केलेला माल, हे गोळा करायला तपास अधिकारी असतात. ते सगळं जुळत असेल तर तुमच्या ‘खात्री नाही’ने खटला पडणार नाही. आणि तुमच्या एका बोटावरच तो उभा असेल, तर त्या बोटाला किती वजन पेलतं हे न्यायालयाला कळायलाच हवं. साक्षीदार किती हवेत याची संख्या कायद्याने ठरवलेली नाही, एकाच्या साक्षीवरही शिक्षा होऊ शकते. १९५७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदारांचे तीन प्रकार सांगितले: पूर्ण विश्वासार्ह, अजिबात विश्वास न ठेवण्याजोगे, आणि मधले. मधल्यांच्या बाबतीत दुसऱ्या पुराव्याचा आधार शोधायचा. तुम्ही ओळखीपुरत्या मधल्या आहात. त्यात कमीपणा काही नाही, आपण बहुतेक सगळे तिथेच असतो.

मुंबईकरांना यासाठी दूर जायला नको. ११ जुलै २००६ ला लोकलमध्ये सात स्फोट झाले, पावणेदोनशेहून जास्त माणसं गेली. २०१५ मध्ये विशेष न्यायालयाने १२ जणांना दोषी ठरवलं. २१ जुलै २०२५ ला मुंबई उच्च न्यायालयाने सगळ्यांना निर्दोष सोडलं. अनेक कारणांपैकी एक होतं ओळख. आरोपींना टॅक्सीतून नेल्याचं सांगणारे चालक १०० हून अधिक दिवसांनी पुढे आले होते, एका प्रवाशाचा चेहरा इतके दिवस लक्षात राहण्यासारखं काही कारण न्यायालयाला दिसलं नाही, आणि परेड घेणाऱ्या अधिकाऱ्याला तो अधिकारच तेव्हा नव्हता, असं न्यायालयाने म्हटलं. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं. त्या निकालाचा दाखला इतर खटल्यांत वापरू नये एवढ्यापुरती स्थगिती २४ जुलैला मिळाली, सुटलेल्यांना परत तुरुंगात पाठवलं गेलं नाही. त्या प्रकरणात कोण खरं, हे मी इथे ठरवायला बसलेली नाही. मला त्या गाड्यांतून परत न आलेल्यांची घरं डोळ्यांसमोर येतात. १९ वर्षांनी त्यांना पुन्हा पहिल्या प्रश्नापाशी आणून सोडलं: मग कोणी केलं? कच्च्या ओळखीवर उभा केलेला खटला पीडितांनाही हेच देतो. तुमच्या दादांना हे सांगा.

आता या तीन आठवड्यांत काय करायचं ते. एका संध्याकाळी एकट्या बसा आणि आज तुम्हाला त्या रात्रीचं जे आठवतं ते स्वतःसाठी लिहा. नक्की आठवतं ते वेगळं, नंतर कोणाकडून कळलं ते वेगळं. दादांशी ताडून पाहू नका. हा कागद कोर्टात न्यायचा नाही, तो तुमचं डोकं लख्ख व्हावं म्हणून आहे. मग पोलिस ठाण्याच्या पैरवी अधिकाऱ्यामार्फत, म्हणजे ठाण्याचं कोर्टातलं काम पाहणाऱ्या पोलिसामार्फत, सरकारी वकिलांची भेट मागा, साक्षीच्या सकाळी घाईत नको, निदान दोन दिवस आधी. त्यांना फोटोचं, ‘बरोबर ओळखलंत’चं आणि व्हरांड्याचं, तिन्ही स्पष्ट सांगा. ते कदाचित नाराज होतील, कदाचित म्हणतील, हे काढायची गरज नाही. तुम्ही नम्रपणे म्हणा, विचारलं तर मी लपवणार नाही. चांगला सरकारी वकील हे ऐकून उलट इतर पुरावा घट्ट करतो. त्यांच्याकडून समाधान झालं नाही तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात विचारा. १५१०० ही विधी सेवेची हेल्पलाइन आहे. आणि आरोपीकडचं कोणी घरी आलं, रडलं, पैसे देऊ म्हणालं किंवा धमकावलं, तर एक शब्दही न बोलता लगेच पोलिसांना आणि सरकारी वकिलांना कळवा. साक्षीदार संरक्षण योजना २०१८ पासून आहे, अर्ज करता येतो.

साक्षीच्या वेळी तो मुलगा आरोपीच्या पिंजऱ्यात उभा असेल. तिथे उभ्या असलेल्याकडे बोट दाखवायला आठवण लागत नाही, एवढं ध्यानात ठेवा. ‘आरोपी न्यायालयात हजर आहे का?’ असं विचारतील. पाठ केलेलं उत्तर नेऊ नका. त्याच्याकडे नीट पाहा. मनातून ओळख आली तर सांगा, आली नाही तर तसं सांगा. संमिश्र असेल तर संमिश्रच सांगा: ‘परेडमध्ये मी यांना ओळखलं होतं. त्याआधी मला यांचा फोटो दाखवला होता. आज मी खात्रीने सांगू शकत नाही की त्या रात्रीचा इसम हेच.’ तीन वाक्यं, तिन्ही खरी. त्यातलं पहिलं गाळू नका, दुसरंही गाळू नका. माहीत नाही तिथे ‘माहीत नाही’, आठवत नाही तिथे ‘आठवत नाही’. वकिलाच्या आवाजाला घाबरून मधलं काही भरू नका.

आणि लगड. वितळवलेलं सोनं समोर ठेवून ‘हे तुमच्या आईचं का?’ विचारलं, तर मंगळसूत्राच्या वाट्या ओळखता येतात, लगड नाही. ‘आमचं मंगळसूत्र इतक्या ग्रॅमचं होतं’ एवढंच तुम्ही सांगू शकता. पुढचा धागा सोनाराच्या आणि पोलिसांच्या साक्षीने जोडायचा आहे, तो तुमच्या तोंडून जोडून घेऊ नका.

ज्या वाचकांवर उद्या असा प्रसंग येईल त्यांच्यासाठीही थोडं. घटनेनंतर पहिल्या तासात, कोणाशी चर्चा करण्याआधी, जे पाहिलं ते मोबाइलवर स्वतःच्या आवाजात बोलून ठेवा: उंची स्वतःच्या तुलनेत, कपडे, बोलण्याची ढब, उजेड कुठून, तुमच्यात अंतर किती. चेहरा दिसला नसेल तर ‘दिसला नाही’ हेही बोला. जबाब लिहून घेतला की वाचून दाखवायला सांगा, आणि ‘पुन्हा पाहिल्यास ओळखेन’ हे तुम्ही म्हणाला नसाल तर ते काढायला लावा. अटकेनंतर कोणी मोबाइलवर एकट्याचा फोटो पुढे केला तर बघू नका, ‘परेडमध्येच ओळखेन’ म्हणा. परेडला जाताना मनाला बजावून जा की तो या रांगेत नसूही शकतो. ‘यांत कोणी नाही’ हेही उत्तर असतं आणि ते दिल्याबद्दल कोणी तुम्हाला रागावू शकत नाही. ओळखलंत तर किती खात्रीने, ते तिथल्या तिथे, कोणी शाबासकी देण्याआधी, स्वतःच्या शब्दांत नोंदवायला सांगा. ६० वर्षांवरच्या पुरुषांना आणि कोणत्याही वयाच्या बाईला पोलिस जबाबासाठी ठाण्यात येण्याची सक्ती करू शकत नाहीत, त्यांनी घरी यायचं असतं. थकलेल्या, भेदरलेल्या अवस्थेत ठाण्यात रात्र काढून दिलेला जबाब पुढे दहा वर्षं मानगुटीवर बसतो.

ताई, फोर्टला सत्र न्यायालयात सकाळी वेळेवर पोहोचा, नंबर कधी लागेल सांगता येत नाही, डबा आणि पाणी बरोबर असू द्या. दादांनाही न्या, फक्त साक्षीच्या आधी एक तास त्या विषयावर बोलायचं नाही असं ठरवून. आणि सरकारी वकिलांना भेटायला जाताना आईच्या मंगळसूत्राची सोनाराची जुनी पावती सापडते का बघा. वजन त्यावर लिहिलेलं असेल.